निवृत्तीचे वय आणि पॅथी : काही टिपणे

• महाराष्ट्रातल्या सरकारी कचेऱ्यांत ३१ मे हा निरोप समारंभांचा दिवस. शाळेत नाव घालताना गुरुजींनी कित्येकांची जन्मतारीख १ जून लावून टाकली, आणि एक तारखेला जन्मलेला कर्मचारी आदल्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो. केंद्रीय आरोग्य सेवेतल्या डॉक्टरांचे निवृत्तीचे वय ६५ झाले तेही ३१ मे २०१६ पासूनच. २६ मे रोजी सहारनपूरच्या सभेत पंतप्रधानांनी घोषणा केली आणि पाच दिवसांनी अंमल सुरू झाला. अडचण खरीच होती : अनुभवी डॉक्टर बाहेर पडत होते, रिकाम्या जागा भरत नव्हत्या.

• तो लाभ ॲलोपॅथीपुरता होता. आयुषच्या डॉक्टरांसाठी केंद्रीय मंत्रिमंडळाचा निर्णय आला २७ सप्टेंबर २०१७ रोजी. मधल्या सुमारे सोळा महिन्यांत ज्या आयुर्वेदाच्या डॉक्टरांची साठी भरली, त्यांना निवृत्तीची पत्रे मिळाली. दिल्लीत तर एकाच महापालिकेचे दवाखाने, तसेच रांगेत बसलेले रुग्ण. एका डॉक्टरला ६५, दुसऱ्याला ६०.

• दिल्लीच्या महापालिकेतले हे डॉक्टर आधी प्रशासकीय न्यायाधिकरणात जिंकले, मग उच्च न्यायालयात, आणि ३ ऑगस्ट २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयात. उत्तर दिल्ली महानगरपालिका विरुद्ध डॉ. राम नरेश शर्मा या नावाने तो निकाल ओळखला जातो. न्या. नागेश्वर राव आणि न्या. हृषिकेश रॉय यांनी सांगितले ते थोडक्यात असे : दोघेही रुग्णच बरे करतात, उपचाराची पद्धत निराळी, एवढ्यावरून निवृत्तीच्या वयात भेद करता येणार नाही. राज्यघटनेच्या १४व्या कलमाचा इतका सरळ अर्थ क्वचित वाचायला मिळतो.

• त्याच निकालातला पगाराचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. अंतरिम आदेशांच्या आधाराने हे डॉक्टर साठीनंतरही कामावर येत होते. रुग्ण तपासत होते, पण पगार थकला होता. काम करून घेतले असेल तर आर्थिक बोज्याची सबब चालणार नाही, असे न्यायालयाने बजावले. समानता कागदावर मान्य करायची आणि पगाराच्या दिवशी विसरायची, हे आपल्याकडे सर्रास चालते. म्हणून थकबाकीचा आदेश हा न्यायाचाच भाग.

• दुसरी बाजूही मांडली पाहिजे. २६ एप्रिल २०२३ रोजी गुजरातच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानेच सांगितले की आयुर्वेदाच्या डॉक्टरांना एमबीबीएस डॉक्टरांइतके वेतन मागता येणार नाही. अपघाताचे रुग्ण, गुंतागुंतीच्या शस्त्रक्रिया, शवविच्छेदन ही कामे ते करत नाहीत, हे कारण. मला या दोन निकालांत भांडण दिसत नाही. वेतन ठरते कामाचे स्वरूप आणि जबाबदारी पाहून. निवृत्तीचे वय ठरते ते माणूस किती काळ नीट काम करू शकतो आणि लोकांना त्याची किती गरज आहे यावरून. साठीचा वैद्य साठीच्या सर्जनपेक्षा लवकर थकतो, असे कोणी म्हणालेले नाही.

• आयुषच्या डॉक्टरांना मुदतवाढ न देण्यामागे राज्य सरकारांचा मुख्य मुद्दा : तुटवडा एमबीबीएस आणि तज्ज्ञांचा आहे, आयुषचा नाही. मुद्दा वजनदार आहे, पण तो गावात जाऊन तपासावा. महाराष्ट्रात कित्येक प्राथमिक आरोग्य केंद्रांचा भार गट-ब च्या बीएएमएस वैद्यकीय अधिकाऱ्यांवर आहे. मेळघाटातली आरोग्याची भरारी पथके बीएएमएस डॉक्टरांच्या जोरावर फिरली. जिथे एमबीबीएस टिकत नाही, तिथे टिकणाऱ्याला तुटवड्याच्या हिशेबातून वगळायचे कसे?

• ऑगस्ट २०२३ मध्ये आयुर्वेद संशोधन परिषदेच्या एका अधिकाऱ्याची ६५ व्या वर्षी निवृत्तीची मागणी सर्वोच्च न्यायालयाने नाकारली. परिषद स्वायत्त, आयुष मंत्रालयाचा नियम तिला आपोआप लागत नाही. कायद्याने ते बरोबर असेल. तरीही कसोटी आस्थापनेच्या नावापेक्षा रोजच्या कामाची असावी, असे मला ठामपणे वाटते. जो नेमाने रुग्ण तपासतो, तो डॉक्टर.

• राजस्थानने ३१ मार्च २०१६ रोजी ॲलोपॅथी डॉक्टरांचे निवृत्तीचे वय ६० वरून ६२ केले. आयुषवाले मागे राहिले. तो वाद सर्वोच्च न्यायालयात पोहोचला आणि १७ ऑक्टोबर २०२५ रोजी प्रश्न मोठ्या खंडपीठाकडे सोपवला गेला, कारण आधीच्या निकालांचा सूर एक नव्हता. तोवरची सोय अशी : राज्याला हवे तर आयुषच्या डॉक्टरांना पुढे ठेवावे, पण निम्म्या वेतन-भत्त्यांवर. तात्पुरती सोय म्हणून ठीक. पण ओपीडी मात्र पूर्ण वेळच चालणार, हे अंतिम निकालात विसरले जाऊ नये.

• तरुण डॉक्टर विचारतात : ज्येष्ठ ६५ पर्यंत बसले तर आमचे काय? रास्त प्रश्न आहे. केंद्राच्या नियमात याचे चांगले उत्तर आहे. ६२ नंतर प्रशासकीय पद सोडायचे आणि पुढची वर्षे रुग्णसेवेत द्यायची. खुर्ची मोकळी होते, बढत्या अडत नाहीत, अनुभव रुग्णांपाशी राहतो. ही अट सगळ्या राज्यांनी, सगळ्या पॅथींना सारखी लावावी आणि रिकाम्या पदांची भरतीही वेळेवर करावी. मुदतवाढ हा भरतीला पर्याय नाही.

• माझे मागणे एवढेच. रुग्ण तपासणाऱ्या प्रत्येक सरकारी डॉक्टरला निवृत्तीचे एकच वय असावे. ते वाढवायचे तर सगळ्यांसाठी एकाच तारखेपासून. वेतनातला फरक असेल तर तो कामावर आधारलेला आणि लेखी कारणांसह. आणि हे सरकारने जीआरमध्ये स्वतःहून लिहावे. आयुष्यभर दवाखाना सांभाळलेल्या माणसाला साठाव्या वर्षी वकील शोधायला लावणे हा अन्याय आहे, आणि तो थांबवायला एक शासन निर्णय पुरेसा आहे.