शेवटच्या चढाईतल्या दोन खेपा

आमच्या ओझरला युद्ध म्हटलं की विमानच आठवतं. मिगचा कारखाना 1964 पासून इथला. सुखोई चाचणीला उडालं की द्राक्षबागेत वाकलेल्या माणसाचीही मान वर जाते. मला मात्र त्या आवाजात निमजचे नामदेव जाधव आठवतात. निमज इथून लांब नाही. सिन्नर ओलांडलं की संगमनेर तालुका.

9 एप्रिल 1945. महायुद्धाचं सहावं वर्ष, जर्मनी दोन्हीकडून खचलेला. इटलीत दोस्तांनी अखेरची मोठी चढाई त्या दिवशी सुरू केली. दुपारी आठशेवर बॉम्बफेकी विमानं येऊन गेली, मग तोफा धडाडल्या. मधेच त्या थांबत; आता पायदळ आलं असं शत्रूला वाटावं, तोवर पुन्हा मारा. संध्याकाळी आठव्या भारतीय डिव्हिजनचे जवान सेनिओ नदीत उतरले. काठांना उंच मातीचे बांध, बांधांत पोखरलेली मशिनगनची ठाणी, भोवती सुरुंग. एवढं भाजून काढूनही काही ठाणी जिवंतच होती.

मराठा पलटणीतले जाधव कंपनीचे रनर, म्हणजे निरोप पोचवणारे. पलीकडच्या बांधावरच्या गोळीबारात सोबतचे बहुतेक पडले. त्यांनी एका जखमीला उचललं, पाण्यातून, निसरडा बांध चढून, सुरुंगांतून मागे आणलं. मग दुसऱ्यासाठी पुन्हा गेले. त्यानंतर त्यांनी शत्रूची मशिनगन ठाणी मोडून काढली; या सगळ्यासाठी त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

मला त्या दोन खेपाच मोठ्या वाटतात. युद्ध संपत आल्याचं सगळ्यांनाच कळत होतं. 2 मे रोजी इटलीतल्या जर्मन फौजांनी शस्त्रं खाली ठेवलीही. घर जवळ आलं की जीव जास्तच प्यारा होतो. पहिल्या खेपेनंतर अलीकडे थांबले असते, तर कुणी बोट दाखवलं नसतं. आणि हे युद्ध पुकारताना हिंदुस्थानला कुणी विचारलंही नव्हतं! तरी साम्राज्याच्या लढाईत गेलेला म्हणून या माणसाला बाजूला ठेवणं मला पटत नाही. बांधाखाली पडलेला जखमी साम्राज्य नव्हता, सोबती होता.

9 एप्रिललाच, त्याच नदीवर केलेल्या पराक्रमासाठी त्याच डिव्हिजनमधल्या कोहाटच्या अली हैदर यांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. पुढे कोहाट पाकिस्तानात गेलं. तरी सेनिओची गोष्ट सांगताना दोघांची नावं एकत्रच घ्यायला हवीत.