पाच महिन्यांची नगरी

थेम्सच्या दक्षिण काठावर, वॉटर्लू स्टेशनपासून हाकेच्या अंतरावर, 1951च्या उन्हाळ्यात एक अख्खी नगरी उभी होती, हे आज त्या जागी उभं राहूनही खरं वाटत नाही. रॉयल फेस्टिव्हल हॉल तेवढा उरलाय. बाकीचं सारं पाहायचं तर ‘ब्रीफ सिटी’ हा 1952चा लघुपट गाठावा लागतो. लंडनमध्येच तो पाहिला आणि थक्क झालो.

तेव्हाचं लंडन डोळ्यांपुढे आणा. महायुद्ध संपून सहा वर्षं झालेली, बॉम्बनं उद्ध्वस्त झालेल्या कितीतरी जागा तशाच पडून, मटण आणि साखर अजून रेशनवर. अशा ओढगस्तीत मजूर पक्षाच्या सरकारनं ‘फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन’ मांडला! निमित्त 1851च्या महाप्रदर्शनाच्या शताब्दीचं. उत्सव ना कुठल्या देवाचा, ना कुणा सेनापतीच्या विजयाचा. कौतुक होतं विज्ञानाचं, वास्तुकलेचं, अगदी साध्या खुर्च्या-टेबलांचंसुद्धा.

वास्तुरचनेचे प्रमुख ह्यू कॅसन पडद्यावर येऊन स्वतःच ही नगरी समजावून देतात. 365 फूट व्यासाचा ‘डोम ऑफ डिस्कव्हरी’ छाती दडपून टाकतो. पण नजर खिळते ती स्कायलॉनवर. सुमारे 300 फुटांचा, दोन्ही टोकांना निमुळता होत गेलेला हा मनोरा जमिनीला टेकतच नाही! पोलादी तारांच्या ताणावर अधांतरी उभा. आपल्या देशासारखाच, डोळ्यांना दिसेल असा आधारच नाही, अशी थट्टा तेव्हा ब्रिटिश लोकच करत. रात्री दिवे लागले की उघड्यावर नाच सुरू. हवा गार, म्हणून अंगातले ओव्हरकोट न काढताच जोडपी गिरक्या घेत.

सप्टेंबरअखेर उत्सव आटोपला. पुढच्याच महिन्यात विरोधी पक्षाचे चर्चिल सत्तेवर आले. डोम पाडला गेला, स्कायलॉन भंगारात गेला. उत्सव सरला की मांडव उतरतो, हे आपल्याला ठाऊक आहे. पण इथे मजूर सरकारची आठवणच पुसायची होती, असं आजही बोललं जातं.

पोटाला चिमटा बसत असताना हा खर्च कशाला, अशी टीका तेव्हाही झाली. तरी सुमारे 85 लाख माणसं दक्षिण काठावर येऊन गेली. माझ्या मते पैसा सत्कारणी लागला. फेस्टिव्हल हॉलच्या दालनात आजही बिनतिकीट निवांत बसता येतं. लंडनला गेलात तर राजवाड्याआधी इथे जा, आणि जाण्यापूर्वी तो लघुपट जरूर बघा.