वैऱ्याच्या प्रेमात



उन्हाळ्याच्या सुट्टीत नात आली होती. वय 17. रात्री उशिरापर्यंत एक जाडं इंग्रजी पुस्तक वाचत बसायची. "एवढं काय आहे गं त्यात?" म्हणून विचारलं, तर म्हणाली, "आज्जी, दोघं आधी एकमेकांचे पक्के वैरी असतात, मग प्रेमात पडतात. आम्हा सगळ्यांना हेच आवडतं." जाताना पुस्तक माझ्यापाशीच ठेवून गेली.

होली ब्लॅक या अमेरिकन लेखिकेचं 'द क्रुएल प्रिन्स', 2018 सालचं. दुपारची कामं आटोपली की शब्दकोश घेऊन बसायचे. ज्यूड नावाची माणसाची मुलगी परीलोकात वाढते. ती 7 वर्षांची असताना ज्याने तिच्या आईवडिलांना मारलं, त्यानेच तिला तिथं नेलेलं. तिथला राजपुत्र कार्डन तिचा पदोपदी अपमान करतो. आणि पुढे एके दिवशी तिच्या हाती एक कागद लागतो. त्यावर त्याने तिचंच नाव पुन्हा पुन्हा लिहिलेलं असतं.

तिथं मी पुस्तक मिटलं. मला आपली अंजना आठवली.

पद्मपुराणातली ही विद्याधरांची कथा बस्तीत आपण किती वेळा ऐकली असेल! विमानं, विद्या, सगळं आहे तीत. सखीने दुसऱ्याच राजकुमाराची स्तुती केली आणि अंजना गप्प राहिली, एवढं पवनंजयाने लपून ऐकलं. मनात अढी बसली. लग्न केलं, पण 22 वर्षं तिच्याकडे फिरकला नाही. मग युद्धाला जाताना मानसरोवराच्या काठी मुक्काम पडला. रात्री जोडीदाराविना तडफडणारी चक्रवाकी दिसली, आणि आपण काय केलं ते त्याला कळलं. तो त्याच रात्री परत फिरला. हनुमान हा या दोघांचा मुलगा.

मुलींना अशा गोष्टी का आवडतात, ते मला आता थोडं कळलं. वैरी आपल्याला जितकं निरखून पाहतो, तितकं घरचं माणूससुद्धा पाहत नाही. आपली सगळी खोड त्याला पाठ असते. एवढं पाहूनही त्याने आपल्याला आपलं म्हटलं, तर त्यात फसवणूक उरत नाही. गोड बोलणाऱ्याची मात्र कायम धाकधूक असते, खरं रूप कळल्यावर काय होईल याची.

पण नातीला मी फोनवर स्पष्ट सांगितलं. छळ म्हणजे प्रेम नव्हे. पवनंजय बदलला म्हणून ती प्रेमकथा झाली. अंजनाने सोसलं म्हणून नव्हे. बदलायचं काम ज्याने दुखावलं त्याचं. ती म्हणाली, "कळतं गं आज्जी मला. पुस्तक आहे ते."

फोन ठेवला आणि मीच अडकले. दुखावणाऱ्याने बदलायचं, मग मी?

माझ्या थोरल्या जाऊबाई, अक्का. सासूबाईंच्या पाटल्यांवरून बोलणं बंद झालं, त्याला 9 वर्षं झाली. मी बी.कॉम. झालेली. हिशेब माझा पैशापैशाला बरोबर होता आणि तो मी चार माणसांत मोठ्याने वाचून दाखवला होता. अक्कांचं शिक्षण चौथीपर्यंत. त्या दिवशी त्या खाली मान घालून उठून गेल्या. दरवर्षी दशलक्षण पर्व संपलं की मी शेदीडशे जणींना 'उत्तम क्षमा' पाठवते. त्यातल्या एकीशीही माझं भांडण नाही. जिच्याशी आहे, तिचं नाव यादीत नाही.

आणि अक्कांबद्दल मला काय काय ठाऊक आहे! चहात साखर अर्धा चमचा. रागावल्या की पदराचं टोक बोटाला गुंडाळतात. संध्याकाळचं जेवण सूर्य कासराभर वर असतानाच. 9 वर्षं मीही एकच नाव मनात लिहीत होते, मैत्रिणींनो.

भाद्रपदाची वाट पाहिली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी फोन लावला. "अक्का, हिशेब बरोबर होता, पण माझं चुकलं. क्षमा करा."

पलीकडे बराच वेळ शांतता. मग म्हणाल्या, "कधी येतीस? दिवस मावळायच्या आत ये, जेवायलाच थांब."

येत्या रविवारी जाते आहे.