शिमुराच्या गाण्यावर हसायचं नाही

तोक्योतल्या एका कराओकेच्या खोलीत घडलेला प्रकार. तसा किरकोळच, पण डोक्यातून जात नाही. ऑफिसची सात-आठ मंडळी, टेबलावर बिअरचे मग आणि एदामामेच्या शेंगांची टरफलं. आमच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यानं फुजीफॅब्रिक या बँडचं ‘वाकामोनो नो सुबेते’ गायलं, आणि खरोखर छान गायलं. खोली चिडीचूप झाली, एकीनं डोळे टिपले. पाठोपाठ नुकताच नोकरीला लागलेल्या एका पोरानं त्याच बँडचं ‘गिंगा’ लावलं. सुरुवातीचे सूर जेमतेम वाजले असतील, तोच ज्येष्ठांनी रिमोट उचलून गाणं बंद केलं. ‘आत्ता हे नको,’ एवढंच म्हणाले. पोरगा ‘सुमिमासेन’ (माफ करा) म्हणत मुकाट खाली बसला.

दोन्ही गाणी एकाच माणसाची. लिहिलेली त्याची, चाल त्याची, गायलेलीही त्यानंच. मग एक पवित्र आणि दुसरं अपवित्र कसं? याचा राग मला त्या रात्री आला होता, तो पुरता गेलेला नाही.

त्या माणसाचं नाव शिमुरा मासाहिको. जन्म 10 जुलै 1980, यामानाशी प्रांतातलं फुजियोशिदा, म्हणजे फुजी पर्वताच्या अगदी पायथ्याचं गाव. शाळेत असताना ओकुदा तामिओ या गायकाला गाताना ऐकलं आणि आपणही हेच करायचं असं ठरवलं. अठराव्या वर्षी तोक्यो. 2000 साली बँड. फुजियोशिदा हे पूर्वापार विणकरांचं गाव, आणि बँडचं नाव आलं ते पहिल्या ड्रमरच्या घरच्या कंपनीवरून. ‘फॅब्रिक’चा उलगडा एवढाच आहे. माणसं आली, गेली. शेवटी त्याच्याबरोबर टिकले ते किबोर्डवर कानाझावा दाइसुके, बासवर कातो शिनइची आणि गिटारवर ओसाकाचा यामाउची सोइचिरो. एप्रिल 2004 मध्ये मोठ्या कंपनीकडून पहिलं सिंगल निघालं. ‘रॉक’ म्हटल्यावर जो चामडी जाकिटातला आरडाओरडा डोळ्यांपुढे येतो त्याच्याशी या माणसाचा संबंध नव्हता. डोळ्यांवर आलेली झुलपं, चेहऱ्यावर काहीसा गोंधळलेला भाव आणि आवाज असा, की ‘हा गायक आहे’ असं पहिल्या फटक्यात कुणी म्हणणार नाही. किंचित नाकातला, कधी कधी सुराच्या जरा खालीच रेंगाळणारा.

पहिली चार सिंगल्स त्यांनी चार ऋतूंवर काढली. वसंतात ‘साकुरा नो किसेत्सु’, उन्हाळ्यात ‘कागेरोउ’, शरदात ‘आकाकिनमोकुसेइ’ आणि फेब्रुवारी 2005 मध्ये हिवाळ्याचं ‘गिंगा’. ऋतूंची गाणी म्हणजे जपानी माणसाचा हातखंडा, यात नवल काय, असं वाटेल. नवल त्या गाण्यांच्या वागण्यात आहे. चेरीच्या मोसमाचं गाणं असूनही त्यात गुलाबी हळवेपणा औषधाला नाही. ‘कागेरोउ’ पियानोवर ठेका धरत धावत सुटतं. आणि ‘गिंगा’ तर सरळसरळ खट्याळ आहे: रात्री दोन वाजून गेल्यावर एक जोडपं गाव सोडून पळ काढतं, आणि कडव्यात शब्द संपले की शिमुरा नुसत्या निरर्थक अक्षरांचा ताल धरतो, पोरं खेळताना धरतात तसा. चेहरा मात्र मख्ख. विनोद करतोय हे तो कधी कबूलच करत नाही. 2005 च्या ‘फॅब फॉक्स’ या अल्बममध्ये अशा चक्रम जागा पुष्कळ आहेत. पहिल्या अल्बमवरचं ‘तोक्यो मिडनाइट’ ऐकून तर माझ्या ओळखीच्या एका गिटारवाल्यानं ‘यांचं डोकं ठिकाणावर आहे ना?’ असं विचारलं होतं, आणि ते कौतुकानंच.

आता 7 नोव्हेंबर 2007 या तारखेकडे येतो, कारण माझं खरं भांडण तिथे आहे. ‘वाकामोनो नो सुबेते’ त्या दिवशी विक्रीला आलं. गाणं कशावर? सरत्या उन्हाळ्यावर. टीव्हीवर हवामान सांगणारा म्हणतो, कडाका आता ओसरला. संध्याकाळी पाचची धून वाजते. यंदाच्या शेवटच्या आतषबाजीला ‘ती’ भेटेल की नाही या विचारात एक जण चालतोय. जपानात आतषबाजी म्हणजे जुलै-ऑगस्ट, युकाता घालून नदीकाठी जायचं. आणि असं गाणं नोव्हेंबरात बाजारात! लोकांनी तोवर हीटर बाहेर काढलेले, कपाटातून कोट निघालेले, दुकानांत नाताळाची सजावट लागत आलेली. ऑगस्टमध्ये निघालं असतं तर गाजलं असतं, असं मी छातीठोक म्हणणार नाही. पण ज्या बँडनं पहिल्याच वर्षी चारही ऋतू नेमके पकडले होते, त्याचं उन्हाळ्यावरचं सर्वांत उत्तम गाणं पानगळीत का यावं? रेकॉर्ड कंपन्यांची गणितं वेगळी असतात, अल्बम जानेवारीत येणार होता, त्याआधी एक सिंगल हवं होतं, हे सगळं समजतं. समजून राग जातो थोडाच? गाणं पहिल्या वीसांतही पोचलं नाही. आलं आणि गेलं.

बरं, गाण्यात काही उणीव होती म्हणावं, तर तेव्हाची रेकॉर्ड तशीच्या तशी आज वाजते आणि लोक रडतात. त्यात एक सूर कुणी बदललेला नाही. पियानो आणि ड्रम सरळ चार मात्रांत चालू लागतात, माणूस रस्त्यानं चालावा तसे, आणि शिमुरा घाई न करता गात जातो. धृपदात आवाज चढतो तेवढाच. 2007 मध्ये हे ऐकू यायला काय अडचण होती, हे मला आजवर कुणी पटेल असं सांगितलेलं नाही. ‘काळाच्या पुढचं गाणं’ वगैरे म्हणण्यात अर्थ नाही. ते अजिबात पुढचं नव्हतं. उलट जुन्या पद्धतीचं, साधं गाणं होतं.

31 मे 2008 ला त्याचा कार्यक्रम फुजियोशिदाच्या फुजी गोको सांस्कृतिक केंद्रात झाला. घरच्या गावात, घरच्या सभागृहात. ‘आकानेइरो नो युउही’ हे तोक्योला आल्यावर, अगदी कोवळ्या वयात केलेलं गाणं म्हणताना त्याचा आवाज फुटला. त्याचं चित्रीकरण आहे. मख्ख चेहऱ्याच्या माणसाचा चेहरा ढळलेला बघायचा असेल तर ते बघावं.

पुढच्या वर्षी ‘क्रॉनिकल’ हा अल्बम. स्टॉकहोमला जाऊन रेकॉर्ड केलेला, सगळी गाणी शिमुराची, आणि आधीचा खट्याळपणा बाजूला ठेवून स्वतःच्या भीतीबद्दल इतकं उघडं बोललेला की ऐकताना आपणच जरा अवघडतो. मे 2009 मध्ये तो आला आणि 24 डिसेंबरला शिमुरा अचानक गेला. एकोणतीस वर्षांचा होता. वर्षअखेरच्या काउंटडाउन जपान महोत्सवात ओकुदा तामिओनं ‘आकानेइरो नो युउही’ गायलं. ज्याला ऐकून पोरगा गायला लागला, त्यानंच पोराचं गाणं म्हणायची वेळ आली.

त्यानंतर सगळं झरझर झालं. जुलै 2010 मध्ये फुजीक्यू हायलँडच्या मैदानात मित्र-कलावंतांनी मोठा कार्यक्रम केला. बँडच्या उरलेल्या तिघांनी शिमुराच्या कच्च्या रेकॉर्डिंगांवर काम करून ‘म्युझिक’ हा अल्बम पुरा केला. मिस्टर चिल्ड्रेनचा साकुराइ काझुतोशी ज्यात गातो त्या बँक बँडनं ‘वाकामोनो नो सुबेते’ गायलं. मग आणखी कुणी, मग आणखी कुणी. 2024 मध्ये एका नेटफ्लिक्स सिनेमाचं शीर्षकगीतही तेच झालं, योरुशिका बँडच्या सुइसच्या आवाजात. ज्यांना फुजीफॅब्रिक हे नाव ठाऊक नाही त्यांनाही गाणं ठाऊक.

मी फुजियोशिदाला गेलो तो डिसेंबरच्या अखेरीस. मनात थोडी खुन्नस धरूनच गेलो होतो. हा माणूस जिवंत असताना कुठे होता रे सगळे, अशी. शिमोयोशिदा हे छोटं स्टेशन परदेशी पाहुण्यांनी ओसंडून वाहत होतं. जवळच्या टेकडीवर 398 पायऱ्या चढून गेलं की लाल पॅगोडा आणि मागे फुजी असा फोटो मिळतो, त्यासाठीची ही गर्दी. या स्टेशनात गाडी यायच्या आधी वाजणारी धून 2021 च्या डिसेंबरपासून शिमुराच्या गाण्यांची आहे. धून वाजली. फलाटावर कुणाच्याही चेहऱ्यावर काही उमटलं नाही. एक बाप पोराला पिवळ्या पट्टीच्या मागे ओढत होता, दोघी जणी फोटोतला कुणाचा डोळा मिटलाय ते बघत होत्या. गाडी आली, सगळे चढले.

जपानात गावोगावी खांबांवर कर्णे असतात. भूकंप, पूर, वादळाची सूचना देण्यासाठी नगरपालिकेनं बसवलेले. ते चालू आहेत ना, हे बघायला रोज संध्याकाळी त्यांवर एखादी धून वाजवतात. बऱ्याच गावांत ‘युउयाके कोयाके’ हे बालगीत असतं. पोरांनी खेळ आटपून घरी जायचं, असा त्याचा अर्थ. शिमुराच्या गाण्यातली पाचची धून ती अशीच. फुजियोशिदानं काय केलं, तर त्याच्या जन्मदिवसाच्या आणि स्मृतिदिनाच्या आसपास त्या कर्ण्यांवर त्याचीच गाणी लावायला सुरुवात केली: जुलैत ‘वाकामोनो नो सुबेते’, डिसेंबरात ‘आकानेइरो नो युउही’. गाण्यात धून होती, आता धुनेत गाणं आहे. ही कल्पना ज्या कुणा कारकुनाला सुचली असेल त्याला पगारवाढ द्यायला हवी.

पाच वाजले तेव्हा जवळजवळ काळोख पडला होता. शेजारच्या खांबावरचा कर्णा आधी वाजला, पलीकडच्या गल्लीतला क्षणभर मागून, टेकडीकडचा त्याच्याही मागून. एकच चाल स्वतःच्याच पाठीमागे धावत असल्यासारखी. शब्द नाहीत, आवाज नाही, नुसते घंटांसारखे सूर. किराणा दुकानाबाहेर एक बाई सायकलच्या टोपलीत कांद्याची पात बसवत होती. ती थांबली वगैरे काही नाही. पात बसवली, दिवा लावला, निघून गेली. माझा घसा मात्र दाटून आला. म्हणजे ज्या हळवेपणावर मी तणतणत होतो तो माझ्याही गळ्यात होता. गावाची खुन्नसही मग धरवेना. आपल्या पोराचं गाणं नगरपालिकेच्या कर्ण्यावर वाजवणं ही काही वाईट गोष्ट नव्हे. आपल्याकडे फार तर चौकाला नाव मिळालं असतं आणि पाटीवर कुणाच्या तरी वाढदिवसाचं फ्लेक्स.

तरी खटकतं ते खटकतंच. कर्ण्यावर, स्टेशनवर, सिनेमात, सगळीकडे फिरून फिरून संध्याकाळच. शिमुरा म्हणजे सूर्यास्त, शिमुरा म्हणजे हुरहुर. ‘सर्फर किंग’सारखं धिंगाण्याचं गाणं करणारा, ट्राममधून दिसलेल्या फुलवालीवर मनातल्या मनात अख्खी प्रेमकथा रचणारा माणूस मेला म्हणून गंभीर झाला. जिवंतपणी त्याला जे जमलं नाही, ते मरणानं करून दाखवलं: तो आदरणीय झाला.

आणि मागे उरलेल्या तिघांचं काय? यामाउचीनं गिटार सांभाळत गाणंही अंगावर घेतलं. 2011 च्या ‘स्टार’ पासून मुख्य गायक तोच होता. शिमुराच्या काळात मोठ्या कंपनीकडून चार अल्बम आले होते; या तिघांनी त्याहून कितीतरी जास्त काढले. 2019 मध्ये ओसाका-जो हॉलमध्ये, यामाउचीच्या गावी, पंधरा वर्षांचा सोहळा केला. फेब्रुवारी 2025 मध्ये बँड थांबला तेव्हा हिशेब मांडला तर शिमुराशिवायची वर्षं शिमुरासकटच्या वर्षांहून कितीतरी अधिक भरली. तरी लोक विचारणार ते एकच गाणं. दुसऱ्याच्या शब्दांत, दुसऱ्याच्या पट्टीत, रोज रात्री गायचं आणि समोरचे डोळे टिपताहेत ते आपल्यासाठी नाही हे माहीत असायचं. यामाउचीनं याची कधी कुरकुर केल्याचं माझ्या वाचनात नाही. मी केली असती.

कुणाला शिमुरा नव्यानं ऐकायचा असेल तर माझं ऐका, ‘वाकामोनो नो सुबेते’ शेवटी ठेवा. ‘फॅब फॉक्स’पासून सुरू करा, शक्य तर सकाळी, कामाला जाताना. मग पहिला अल्बम. हसू आलं तर दाबू नका. तिथून ‘टीनेजर’वर या, ते गाणं तिथेच आहे, अल्बममधल्या बाकीच्या गाण्यांच्या घोळक्यात, आणि घोळक्यात असताना ते इतकं दुःखी वाटत नाही.

2022 पासून ‘वाकामोनो नो सुबेते’ हायस्कूलच्या संगीताच्या पाठ्यपुस्तकातही आलं आहे. पंधरा-सोळा वर्षांची मुलं बाकांवर बसून शेवटच्या आतषबाजीबद्दल गाणार, मास्तर उच्चार सुधारणार, परीक्षेत त्यावर प्रश्नही येत असेल. मध्यरात्री गावातून पळून जाणाऱ्या जोडप्याचं ‘गिंगा’ शेजारच्या पानावर छापायला मात्र कुठलंही पाठ्यपुस्तक मंडळ धजायचं नाही, आणि पालकसभेत त्यावर काय काय ऐकून घ्यावं लागेल याची कल्पना केली तर मंडळालाही दोष देववत नाही.