पेटलेलं पाणी

मुलगा-सून गेल्या महिन्यात मला अंदमानला घेऊन गेले. तिथे हॅवलॉकला (२०१८ पासून स्वराज द्वीप) अंधाऱ्या रात्री खारफुटीतून कयाकने फिरवतात. पंचाहत्तरीची मी पुढे, मागे वल्हं मारणारा गाईड. "माँजी, हाथ डालो," तो म्हणाला. घातला, आणि बोटांभोवती निळ्या ठिणग्या! पाणी ढवळलं की त्यातले सूक्ष्म जीव क्षणभर चमकतात. काजव्यासारखाच थंड उजेड.

सून ओरडत होती. मला मात्र सातवीतला एक कोळ्याचा मुलगा आठवला. 'मामाकडे मुरुडला रात्री जाळं ओढलं की पाणी पेटतं,' असं त्यानं निबंधात लिहिलं होतं. मी लाल शाईनं खोडलं, वर वर्गात वाचून दाखवलं. वर्ग हसला. नंतर तो गाईडातलेच निबंध उतरवायचा, आणि मी त्याला चांगले मार्क द्यायचे...

नाव आठवत नाही. आडनाव आठवतंय, पण त्यांच्या अख्ख्या आळीचं तेच होतं. असो. रबाळ्याहून दिवा कोळीवाडा काही लांब नाही. रविवारी रिक्षाने जाऊन विचारणार आहे.