मारिए झेमानोवा यांचं ऋण

संकलनात मला पहिला धडा मिळाला तो हा, की कट दिसता कामा नये. प्रेक्षकाला सांधा जाणवला की संकलक हरला. या शिस्तीवर माझं पोट चाललं आणि ती मी आजही मानते. पण गरज पडेल तिथे सांधा उघडा ठेवायचं धैर्य मला मारिए झेमानोवा या चेक संकलिकेनं दिलं. चेक दिग्दर्शक यान श्वान्कमायर यांचे १९८८च्या ‘अ‍ॅलिस’पासून २०१०च्या ‘सर्व्हायव्हिंग लाइफ’पर्यंतचे सहाही पूर्ण लांबीचे चित्रपट त्यांनी संकलित केले. आमची भेट कधीच झाली नाही.

‘अ‍ॅलिस’मधला भुसा भरलेला ससा काचेची पेटी फोडून बाहेर येतो, त्याच्या पोटातून भुसा सांडतो आणि तो चमच्यानं भुसा खातो. अ‍ॅलिस ही मुलगी आकारानं लहान होते तेव्हा तिच्या जागी बाहुली येते. जिवंत पोर आणि बाहुली यांना जोडणारं कटशिवाय काहीच नसतं. आणि कुणी काही बोललं की पडद्यावर मुलीचे नुसते ओठ येतात, ‘असं ससा म्हणाला’ एवढं सांगायला. चालू प्रसंग तोडून, पुन्हा पुन्हा. सुरुवातीला मी वैतागले. मग उमगलं, की सगळे आवाज तिचेच आहेत आणि गोष्ट कोण सांगतंय हे तो कट बजावतोय. कल्पना दिग्दर्शकाची, पण ओठ किती फ्रेम ठेवायचे, सशाकडे कधी परतायचं, याचा निकाल संकलनाच्या टेबलावर लागतो. जरा जास्त रेंगाळलं असतं तर तो नुसता चाळा वाटला असता.

१९९६च्या ‘कॉन्स्पिरेटर्स ऑफ प्लेझर’मध्ये तर संवादच नाहीत. पावाच्या गोळ्या वळणारी पोस्टवाली बाई काय करतेय, ते बोटांच्या क्लोजअपमधून आणि आवाजांतून कळत जातं.

पुढे मी संकलित करत असलेल्या एका माहितीपटात एक आजी बोलता बोलता थांबायच्या. त्या तुटलेल्या जागांवर शेताची, भिंतींची दृश्यं टाकून सांधे लपवणं सोपं होतं. मी ते केलं नाही. निर्मात्यांना उघडे कट खटकले, पण मी हटले नाही. आजींना बोलणं किती जड जात होतं, ते त्या कटांतच होतं.

आता माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलामुलींना मी श्रेयनामावलीत संकलकाचं नाव शोधायला लावते. आणि कट झाकण्याआधी, तो का झाकायचा याचं उत्तर मागते. झेमानोवा यांचं ऋण मला असंच फेडता येतं.