शेवटच्या पंगतीच्या फोडी

आषाढ लागला, की पुण्यातल्या मटण खाणाऱ्या घरांत एकच प्रश्न फिरू लागतो, ‘मग यंदा आखाड कधी?’ ज्ञानोबा-तुकोबांच्या पालख्या पुण्यातला मुक्काम आटोपून पंढरीच्या वाटेला लागलेल्या असतात. एकादशी होईपर्यंत पुष्कळ घरांत मटणाचं नाव निघत नाही. एकादशी झाली, की दिव्यांच्या अवसेपर्यंत उरतात एकोणीस दिवस. त्यात कुणाचा सोमवार, कुणाचा गुरुवार, कुणाचा शनिवार. म्हणजे हाती रविवार दोन, फार तर तीन. पुढे श्रावण, आणि अनेकांकडे गणपती जाईपर्यंत बंदच. मग एखाद्या रविवारी लेकी-जावई, दीर-नणंदा, त्यांची मुलं असे मिळून चाळीस पानांचा बेत ठरतो. आणि तो ठरला, की घरच्या बाईच्या पोटात गोळा येतो. मटण शिजेल ना? पुरेल ना?

मैत्रिणींनो, या दोन प्रश्नांबद्दलच मला तुमच्याशी बोलायचं आहे. कारण अनेक वर्षं चाळीस माणसांचं रांधल्यावर माझी खात्री झाली आहे, की ते दोन प्रश्न वेगळे नाहीतच. पहिल्या पंगतीला जे मटण लुसलुशीत लागतं, तेच तिसऱ्या पंगतीपर्यंत गॅसवर रटरटत राहून दोऱ्यासारखं होतं. तेही उरलं असेल तर. आणि तिसऱ्या पंगतीला कोण बसतं, हे तुम्हांला मी सांगायला नको.

आधी खरेदी. माणशी हाडासकट दोनशे ग्रॅम धरा. लहान मुलांची गणती वेगळी करू नका, वाढत्या अंगाची मुलं मोठ्यांना मागे टाकतात. चाळीस माणसांना आठ किलो झाले. दुकानात आदल्या दिवशी सांगून ठेवा, कारण आखाडातल्या रविवारी पुण्यात मटणाच्या दुकानापुढची रांग रस्त्यावर येते. कॅम्पातल्या शिवाजी मार्केटमध्ये जा किंवा पेठेतल्या नेहमीच्या दुकानात, पण ‘सगळं मिक्स द्या’ एवढंच म्हणून गप्प बसू नका. मांडी आणि खांदा जास्त, चाप आणि सीना थोडा, मान आणि नळ्या बेताच्या, असं सांगा. फोडी एकसारख्या पाडायला सांगा, किलोला बावीस ते चोवीस. लहानमोठ्या फोडी असल्या, की लहान विरघळतात आणि मोठ्या चिवट राहतात. मान, नळी आणि खांद्याची पिशवी वेगळी बांधून घ्या. ती का, ते पुढे येईल.

आपल्याकडे सकाळी कापलेलं मटण दुपारी शिजवायची रीत आहे. पण जनावर कापल्यावर काही तासांत त्याचे स्नायू ताठरतात आणि नंतर थंडाव्यात ठेवले, की हळूहळू सैल पडतात. म्हणून फ्रीजमध्ये रात्रभर विसावलेलं मटण लवकर मऊ होतं. तुमच्या घरी शनिवारी मटण आणायला हरकत नसेल, तर संध्याकाळी आणा आणि पसरट भांड्यांत झाकून फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवा. शनिवार पाळत असाल तर रविवारी सकाळी सातला आणा आणि शिजायला अर्धा तास जास्त धरा. देवाधर्माशी भांडण न करताही स्वयंपाक नीट होतो.

मटण धुऊन, निथळून त्याला हळद, मीठ, आलं-लसूण आणि थोडं दही चोळा. मीठ आधी लावण्याला अर्थ आहे, ते फोडीत मुरतं आणि आतला ओलावा धरून ठेवायला मदत करतं. बोकड जून वाटला, तर कच्च्या पपईचा सालासकट कीस किलोला एक लहान चमचा लावा. पपईच्या चिकातला पदार्थ मांसाचे धागे सैल करतो, पण तो वरवरच काम करतो आणि पाणी उकळलं की त्याचं काम संपतं. म्हणून अर्धा-पाऊण तास पुरे. रात्रभर पपई लावून ठेवलीत, तर फोड बाहेरून पिठासारखी आणि आत होती तशीच. खायचा सोडा मात्र मुळीच नको. चव साबणासारखी होते.

आता शिजवणं. पाच लिटरच्या कुकरमध्ये दोन किलोपेक्षा जास्त मटण घालू नका, कुकर दोन तृतीयांशाच्या वर भरायचाच नसतो. म्हणजे आठ किलोला चार खेपा. त्यापेक्षा मोठं पातेलं भाड्याने आणलेलं बरं. ते पितळेचं असेल तर आतली कल्हई नीट बघून घ्या. कसब्यातल्या तांबट आळीचं नाव ज्या शहरात घरोघर माहीत आहे, तिथे हे सांगायला नको, तरी सांगते, कल्हई उडालेल्या भांड्यात दही-मिठाचं मटण घालू नये.

पातेल्यात तेलावर थोडा कांदा परता. त्यावर आधी मान, नळ्या आणि खांदा टाका. हे भाग जनावराच्या सतत राबणाऱ्या अंगाचे, त्यांना वेळ लागतो. पंचवीस मिनिटांनी मांडी, आणि त्यानंतर पंधरा मिनिटांनी चाप आणि सीना. वर ताट झाका, ताटात पाणी ठेवा आणि लागेल तसं तेच गरम झालेलं पाणी मटणात घाला. आच मंद. हा मुद्दा जरा नीट ऐका. मांसाचे धागे भडक आचेवर आखडतात आणि आतलं पाणी पिळून काढतात. त्या धाग्यांना बांधून ठेवणारा चिवट पापुद्रा मात्र ओल्या उष्णतेत, हळूहळू, वेळ दिला तरच विरघळतो. तो विरघळला, याची खूण तुम्ही पाहिलेली आहे. उरलेलं सूप फ्रीजमध्ये ठेवलं की जेलीसारखं थरथरतं ना, तोच तो. पुणं समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर आहे, त्यामुळे इथे पाणी शंभराला नाही, ९८ अंशांच्या आसपास उकळतं. कुकरमध्ये पूर्ण वाफ धरली की १२० अंशांच्या जवळपास जातं, म्हणून तिथे काम लवकर होतं. उघड्या पातेल्यात सव्वा ते दीड तास धरा. फोड बोटाने दाबली की तुटावी, पण हाड आपणहून सुटून येऊ नये. तिथे गॅस बंद करायचा.

आणि आता, मैत्रिणींनो, सगळ्यात महत्त्वाची पायरी. फोडी झाऱ्याने काढून परातीत घ्या, सूप दुसऱ्या पातेल्यात गाळा, आणि फोडी मोजा.

हसलात ना? आमच्याकडेही हसले होते. आमच्या घरी तीन पंगती होत. पहिली पुरुषांची आणि जावयांची, दुसरी मुलं आणि म्हाताऱ्यांची, तिसरी आम्हां बायकांची. पहिल्या पंगतीत आग्रह चाले, ‘अहो, घ्या हो आणखी दोन!’ तिसऱ्या पंगतीत आम्ही पळीने पातेल्याचा तळ चाचपत असू. एका आखाडाला माझ्या धाकट्या नणंदेने सहज विचारलं, “वहिनी, तुमच्या ताटात किती पीस आले गं?” थोरल्या जाऊबाई भाकरी कुस्करता कुस्करता म्हणाल्या, “मी कधी मोजलेच नाहीत बाई. मोजायला असले तर ना!” सगळ्या हसल्या. जाऊबाईही हसल्या. पण सकाळी पाचला उठून आठ किलो मटणाचं वाटण त्यांनीच वाटलं होतं. कुणी त्यांना उपाशी ठेवायचं ठरवलं नव्हतं. कुणीच काही ठरवलं नव्हतं, म्हणूनच तसं होत होतं.

पुढच्या वर्षी आम्ही दोघींनी हिशेब केला. आठ किलोच्या किलोला तेवीसप्रमाणे १८४ फोडी. चाळीस माणसांना प्रत्येकी चार, म्हणजे १६०. उरल्या २४, त्या आग्रहाच्या. शेवटच्या पंगतीला आम्ही नऊजणी, तर नऊ चोक छत्तीस. त्या छत्तीस फोडी, दोन-तीन नळ्या धरून, सगळ्यांत आधी बाजूच्या डब्यात गेल्या. कुणाशी भांडण नाही, टोमणा नाही. पहिल्या पंगतीलाही काही कमी पडलं नाही, कारण आग्रहाच्या चोवीस होत्याच. मी सासूबाईंच्या कानावर घातलं तेव्हा त्या एवढंच म्हणाल्या, “डबा मोठा घ्यायचा होतास. मीही तुमच्याबरोबर बसते.” बायका दहा झाल्या आणि डब्यात आग्रहातल्या चार फोडी गेल्या.

हे मोजणं स्वयंपाकालाही फायद्याचं ठरलं. फोडी वेगळ्या आणि रस्सा वेगळा असला, की कुठलीच पंगत गाळ खात नाही. रस्सा असा करा. तीन किलो कांदा आणि अर्धा किलो सुकं खोबरं खमंग भाजून, पाव किलो लसूण, दीडशे ग्रॅम आलं, मूठभर खसखस आणि मंडईतून आणलेल्या ताज्या कोथिंबिरीच्या तीन जुड्या घालून वाटण करा. तेलावर ते तेल सुटेपर्यंत परता. मग कांदा-लसूण मसाला घाला. इथे एक लक्षात ठेवा. एका किलोला चार चमचे तिखट म्हणून आठ किलोला बत्तीस, असा गुणाकार करू नका. मोठ्या पातेल्यातून पाणी त्या मानाने कमी आटतं, तेव्हा पाणी, तिखट आणि मीठ हिशेबापेक्षा पाव हिस्सा कमी घेऊन सुरुवात करा. चाखून वाढवता येतं, काढून घेता येत नाही. शेवटी गाळलेलं सूप घालून एक दणदणीत उकळी आणा.

प्रत्येक पंगतीच्या आधी त्या पंगतीपुरत्या फोडी लहान पातेल्यात घ्या, वर रस्सा ओता आणि पाच-सात मिनिटं चांगलं उकळा. बाकीच्या फोडी तोवर सुपात भिजून राहू द्या, म्हणजे कोरड्या पडत नाहीत. पंगती लांबणार असतील, दोन तासांच्या पुढे वेळ जाणार असेल, तर शेवटचा डबा फ्रीजमध्ये जाऊ द्या. मोठ्या भांड्यातलं मटण तासन्‌तास कोमट राहतं, आणि अशा कोमट मटणातच पोट बिघडवणारे जंतू वाढतात. वाढताना खळखळून उकळलं, की चव आणि पोट दोन्ही सांभाळलं जातं.

चाळीस माणसांच्या भाकऱ्या घरी थापायचा अट्टहास मी सोडला आहे. पुण्यात गल्लोगल्ली पोळी-भाजी केंद्रं आहेत, तिथे आधी सांगितलं की भाकऱ्या मिळतात. घरात कुणी माळकरी असेल, तर त्यांची भाजी वेगळ्या भांड्यात, वेगळ्या शेगडीवर आणि सर्वांत आधी करून ठेवा. त्यांनाही ‘आमटी आहे ना’ एवढ्यावर उठवू नका.

आता पुष्कळ ठिकाणी पंगती गेल्या, टेबलावर मांडून ‘घ्या हातानं’ असं झालं. तुम्ही म्हणाल, आता मोजायचं कशाला? पण तिथेही रांगेच्या शेवटी कोण उभं असतं, ते एकदा बघा. भांडी भरणारी, मुलांना वाढून देणारी, ‘तुम्ही घ्या, मी घेते मागून’ म्हणणारी. तिच्यासाठी डबा तिथेही लागतोच.

तेव्हा यंदाच्या आखाडाला सामानाची यादी कराल, तेव्हा तिच्या खाली एक ओळ आणखी लिहा, शेवटच्या पंगतीची माणसं किती आणि त्यांच्या फोडी किती. कागद ओट्यासमोर भिंतीला चिकटवा, सगळ्यांना दिसेल असा. आणि तिसरी पंगत बसली, की पहिल्या पंगतीतून उठून बाहेर पान लावत बसलेल्या मंडळींना आत हाक मारा. पळी त्यांच्या हातात द्या आणि म्हणा, रस्सा उकळलाय, आता आम्हांला आग्रह करा.